मानव आणि संगणक (लेखांक 9) : यंत्राने चुकीचे ऐकल्यावर

माणसाचे बोलणे ऐकून काम करणारे प्रत्येक यंत्र कधी ना कधी चुकीचे ऐकते. बेल लॅबोरेटरीजमध्ये 1952 साली तयार झालेले ‘ऑड्री’ फक्त शून्य ते नऊ हे अंक ओळखत असे, आणि तेही ज्याच्या आवाजाशी त्याची जुळणी करून ठेवली असेल त्याने थांबत थांबत उच्चारले तर. आजच्या प्रणाली सलग, मोकळे बोलणे उतरवून घेतात. चुका पुष्कळ कमी झाल्या, संपल्या मात्र नाहीत. आवाजी सेवा आखणाऱ्याला हे धरूनच चालावे लागते. त्याच्या कौशल्याची खरी परीक्षा ओळख चुकल्यानंतरच्या दोन-चार वाक्यांत होते.

शेतमालाचा बाजारभाव फोनवर सांगणारी सेवा हे याचे चांगले उदाहरण आहे. केंद्र सरकारच्या पाठबळाने सहा भारतीय भाषांत अशी प्रणाली बांधण्याचा प्रकल्प 2010 च्या दशकात झाला. मराठीचे काम आयआयटी मुंबई आणि टाटा मूलभूत संशोधन संस्था यांनी केले. भाव ‘अ‍ॅगमार्कनेट’ या सरकारी संकेतस्थळावरून घ्यायचे होते. शेतकऱ्याने फोन लावायचा, माल, जिल्हा आणि बाजार सांगायचा, भाव ऐकायचा. काम एवढेच, पण वाणी-तंत्राच्या बहुतेक अडचणी त्यात हजर असतात.

पहिली अडचण आवाज नीट पोचण्याचीच. पारंपरिक टेलिफोन साधारण 300 ते 3400 हर्ट्झ एवढाच पट्टा वाहून नेतो. ‘स’ आणि ‘श’ यांना वेगळेपण देणारी बरीच ऊर्जा या पट्ट्याच्या वरच्या कडेला किंवा त्यापलीकडे असते. त्यात शेतातला वारा, एसटी स्थानकावरचा गलका, शेजारी चाललेले दुसरे बोलणे. शांत खोलीत नोंदवलेल्या आवाजांवर शिकवलेली प्रणाली अशा ठिकाणी ढेपाळते. म्हणून मराठी प्रकल्पासाठी ठिकठिकाणच्या शेतकऱ्यांचेच आवाज गोळा करण्यात आले.

दुसरी अडचण नावांची. विदर्भात बटाट्याला आलू म्हणतात, मराठवाड्यात पेरूला जांब. सरकारी यादीत मालाचे नाव एक असते, बोलणाऱ्याच्या तोंडी दुसरे. जिल्ह्यांची नावे बदलली, तरी ‘नगर’ म्हणणारा माणूस ‘अहिल्यानगर’ म्हणायला लागेलच असे नाही. उस्मानाबाद आणि धाराशिव, औरंगाबाद आणि संभाजीनगर ही दोन्ही नावे बरीच वर्षे कानावर येत राहतील. प्रणालीच्या शब्दकोशात ती सगळी असली पाहिजेत आणि प्रत्येकाचे निरनिराळे उच्चारही. हे काम कंटाळवाणे आहे. ते टाळलेल्या सेवा पहिल्याच प्रश्नाला अडखळतात.

प्रश्न कसा विचारावा, यावर उत्तराचे स्वरूप ठरते. ‘आपण काय जाणून घेऊ इच्छिता?’ असे मोघम विचारले की काही जण गप्प राहतात, तर काही जण घडलेली सारी हकिगत सांगू लागतात. ‘कोणत्या मालाचा भाव हवा? उदाहरणार्थ कांदा, तूर, सोयाबीन’ असे विचारले तर बहुतेक उत्तरे एका-दोन शब्दांत येतात. बहुतेक, सगळी नव्हे. अमेरिकेत एटी अँड टी या कंपनीने 1990 च्या दशकाच्या आरंभी ऑपरेटरचे काम आवाजावर सोपवले तेव्हा प्रणालीला अवघे पाच पर्याय ओळखायचे होते. तरी काही लोक नुसता पर्यायाचा शब्द उच्चारत नसत. पुढेमागे ‘मला जरा’, ‘कृपया’ अशी भर घालत. मग पूर्ण वाक्यातून नेमका कामाचा शब्द हुडकण्याचे तंत्र वापरावे लागले. मराठीतही ‘कांदा’ या उत्तराबरोबर ‘कांद्याचं बघा जरा, लासलगावचं’ हे उत्तर गृहीत धरावे लागते. त्यात मालाचे आणि बाजाराचे अशी दोन उत्तरे एकदम आली आहेत. नीट आखलेली सेवा दोन्ही उचलते आणि बाजाराचे नाव पुन्हा विचारत नाही.

आता मुख्य मुद्दा. ओळखलेल्या प्रत्येक शब्दाबरोबर प्रणाली स्वतःच्या खात्रीचा एक आकडाही देते. त्यावरून पुढची चाल ठरवता येते. खात्री भरपूर असेल तर वेगळे विचारण्याची गरज नाही. ‘लासलगाव बाजारातला कांद्याचा भाव’ असे म्हणत उत्तरच सुरू करावे, म्हणजे चूक झाली असल्यास ऐकणाऱ्याला ती लगेच कळते. खात्री मध्यम असेल तर ‘कांदा म्हणालात ना?’ असे सरळ विचारावे. फारच कमी असेल तर अंदाज न बांधता प्रश्न नव्याने मांडावा. या सीमारेषा कुठे आखायच्या, हे चुकीची किंमत पाहून ठरते. चुकीचा भाव ऐकला तर माणूस पुन्हा फोन करील. पैसे चुकीच्या खात्यावर गेले तर प्रकरण निराळे. म्हणून रक्कम पाठवण्याआधी खात्री कितीही असली तरी विचारलेच पाहिजे.

नुसते ‘समजले नाही, पुन्हा बोला’ हे मात्र सर्वांत वाईट वाक्य, आणि तेच सर्वाधिक सेवांत ऐकू येते. यंत्राला कळले नाही असे दिसताच माणूस आवाज चढवतो, प्रत्येक अक्षर तोडून तोडून उच्चारतो. समोर ऐकू कमी येणारा माणूस असता तर त्याचा उपयोग झाला असता. यंत्र शिकलेले असते नेहमीच्या बोलण्यावर. ‘सो-या-बी-न’ हा उच्चार त्याला अधिकच परका वाटतो. दुसरी चूक होते, आवाज आणखी चढतो आणि तिसऱ्या खेपेला फोन आपटला जातो. यावर उपाय एकच : दुसऱ्या वेळी प्रश्नच बदलायचा. पर्याय वाचून दाखवायचे, ‘हो’ किंवा ‘नाही’ पुरेल असे विचारायचे, किंवा बटण दाबू द्यायचे. दोष बोलणाऱ्याच्या माथी मारणारी भाषा कटाक्षाने टाळावी.

वेळेचे गणितही नाजूक असते. दहा भाषांतल्या संभाषणांच्या 2009 सालच्या एका तुलनेत, एकाचा प्रश्न संपल्यापासून दुसऱ्याचे उत्तर सुरू होईपर्यंत सरासरी सुमारे 200 मिलिसेकंद जातात असे दिसले. ‘बोलणे संपले’ हे ओळखायला यंत्रे बहुधा याहून जास्त शांतता गेलेली बघतात. ती मर्यादा कमी ठेवली तर आठवून सांगणाऱ्याचे वाक्य मध्येच तुटते. वाढवली तर संवाद रेंगाळतो. मोबाइल क्रमांक विचारताना ही मर्यादा सैल ठेवावी, कारण लोक आकडे गटागटाने सांगतात. एक जण ‘नऊ आठ दोन दोन’ म्हणतो, दुसरा ‘अठ्ठ्याण्णव बावीस’. मराठीत शंभरपर्यंतची जवळजवळ प्रत्येक संख्या स्वतंत्र शब्द आहे. ‘एकोणसाठ’ आणि ‘एकोणसत्तर’ फोनवर माणसालाही दोनदा विचारावे लागतात.

उत्तर ऐकवण्याची शिस्त वेगळी आहे. छापलेल्या पानावरून डोळा फिरवून हवे ते उचलता येते, कानाला तशी सोय नाही. म्हणून एका वेळी तीन-चारच पर्याय द्यावेत आणि त्यातही काम आधी, बटण नंतर : ‘भाव ऐकण्यासाठी एक दाबा’. भाव प्रतिक्विंटल 1850 रुपये असेल तर ‘अठराशे पन्नास’ असे म्हणावे. बाजारात ‘एक हजार आठशे पन्नास’ कोणी म्हणत नाही. किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन भाव असतील तर सर्वसाधारण आधी सांगावा. सराईत माणसाला सूचना अर्ध्यावर तोडून बोलू देणे हीदेखील गरजच. त्यासाठी यंत्राला स्वतःचा आवाज वजा करून समोरचा ऐकता आला पाहिजे.

हे सारे कागदावर ठरत नाही. 1980 च्या दशकाच्या आरंभी आयबीएममध्ये जॉन गूल्ड आणि सहकाऱ्यांनी ऐकून टंकलेखन करणाऱ्या यंत्राची चाचणी घेतली. यंत्र अस्तित्वातच नव्हते. लोक पत्रे सांगत आणि दुसऱ्या खोलीत बसलेला टंकलेखक ती टाइप करी. प्रणाली बांधण्यापूर्वीच लोक तिच्याशी कसे बोलतील हे पाहण्याची ही रीत आजही सर्वांत स्वस्त आहे आणि सर्वांत कमी वापरली जाते. पडताळणीही शब्दांच्या अचूकतेपाशी थांबू नये. दहापैकी नऊ शब्द बरोबर ओळखले, पण चुकलेला शब्द बाजाराचे नाव असेल, तर त्या फोनमधून काहीच साधले नाही.

आवाजाने मागावे की बटणाने, हा प्रश्नही अशाच चाचणीवर सोडावा. गुजरातेतल्या छोट्या शेतकऱ्यांसाठीच्या ‘आवाज ओटलो’ या फोन-सेवेची आखणी चालू असताना नील पटेल आणि सहकाऱ्यांनी दोन्ही पद्धतींची तुलना केली; ती 2009 साली प्रसिद्ध झाली. बोलून पर्याय निवडण्यापेक्षा आकडा दाबून काम पूर्ण होण्याचे प्रमाण जास्त निघाले. पुढे सेवा चालली तीही बटणांवर, आणि तिच्यातला सर्वाधिक वापरला गेलेला भाग होता शेतकऱ्यांनी आपल्याच आवाजात प्रश्न नोंदवण्याचा आणि इतरांचे प्रश्न व त्यांची उत्तरे ऐकण्याचा.