फौजेतून निवृत्ती, मग खाण्याच्या स्पर्धा? सुरतेला निघण्याआधी हा हिशोब बघा

'सुरतचं जेवण अन् काशीचं मरण' ही म्हण आपल्या नंदुरबार-नवापूरकडेही सगळ्यांना ठाऊक आहे. चांदी पडव्याला, म्हणजे कोजागरीच्या दुसऱ्या दिवशी, सुरत घारीवर तुटून पडते. ही घारी १८५७ मध्ये तात्या टोपेंच्या सैनिकांसाठी पहिल्यांदा बनवली, असं सुरतकर सांगतात.

फौजी पेन्शनवर येतो तेव्हा बऱ्याचदा पस्तिशी-चाळिशीत असतो. उधना, लिंबायतला नातलग असतात. तापी लाइनची गाडी पकडली की मार्केटमध्ये नाहीतर मिलमध्ये सिक्युरिटीचं काम शोधायचं. मोबाईलवर मात्र खाण्याच्या चॅलेंजचे व्हिडिओ फिरत असतात. मग मनात येतंच, लंगरमध्ये पाच मिनिटांत ताट साफ करायची सवय आहे, यातच का उतरू नये?

पैसा किती?

न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडला दरवर्षी ४ जुलैला हॉट डॉग खाण्याची मोठी स्पर्धा होते. वेळ १० मिनिटं, पहिलं बक्षीस १० हजार डॉलर, म्हणजे आठ लाखांच्या वर. जोई चेस्टनटने २०२१ मध्ये तिथे ७६ हॉट डॉग खाल्ले. २०२४ ला प्रायोजकाच्या वादामुळे तो तिथे नव्हता. त्या दिवशी तो टेक्सासच्या फोर्ट ब्लिस छावणीत सैनिकांसमोर बसला. पाच मिनिटांत त्याने एकट्याने ५७ खाल्ले, चार सैनिकांचे मिळून ४९ झाले. भराभर जेवणं वेगळं आणि हा धंदा वेगळा, हे तिथेच कळलं.

आपल्याकडे अशी वर्षभर चालणारी व्यवस्था नाही. २०२१ मध्ये पुण्याजवळ वडगाव मावळच्या शिवराज हॉटेलने ४ किलोची मांसाहारी थाळी ६० मिनिटांत संपवणाऱ्याला बुलेट ठेवली होती. थाळी अडीच हजाराची. बुलेट एकदाच मिळते, घरखर्च दर महिन्याला लागतो.

शरीराचं काय?

फौजेत पीटी, गस्त, ओझं यात अन्न जिरतं. नोकरी सुटली की मेहनत घटते, भूक मात्र सवयीने तेवढीच राहते. २००७ मध्ये अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या डॉक्टरांनी एका स्पर्धकाचं पोट क्ष-किरणांखाली तपासलं. १० मिनिटांत ३६ हॉट डॉग खाऊनही त्याला पोट भरल्यासारखं वाटेना, पोट सैल पिशवीसारखं ताणलं गेलं होतं. पुढे अन्न पुढे सरकणंच बंद पडू शकतं, असा इशारा त्यांनी दिला. जपानचा कोबायाशी हा या खेळातला मोठा खेळाडू. त्याने २०२४ मध्ये भूकच लागत नाही असं सांगून निवृत्ती घेतली.

त्याच वर्षी केरळात वाळयारला ओणमच्या इडली स्पर्धेत ४९ वर्षांच्या एका माणसाचा घास अडकून जीव गेला. म्हणून गंमत म्हणून भाग घ्यायचा असला, तरी घशातला घास काढता येणारा माणूस जवळ आहे का, हे आधी विचारा. एकट्याने सराव तर करूच नका.

मग काय करावं?

सरकारी बँका आणि सार्वजनिक उपक्रमांत माजी सैनिकांना गट 'क' मध्ये १४.५ टक्के आणि गट 'ड' मध्ये २४.५ टक्के जागा राखीव असतात. उपचारांसाठी ईसीएचएस आहे. दोन्हींची माहिती जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात मिळते. डिस्चार्ज बुक घेऊन आधी तिथे जाऊन या. घारी खायला सुरत आहेच.