रणांगण घरात शिरते तेव्हा

तिगाव, पांढुर्णा, सौसर हा मध्य प्रदेशातला संत्र्यांचा मुलूख आणि तिकडे अमरावती, यांच्यामध्ये आज राज्याची सीमा आहे. 1 नोव्हेंबर 1956 पर्यंत ती नव्हती. दोन्हीकडचा कारभार नागपूरहून चाले. विश्राम चिंतामण बेडेकर 13 ऑगस्ट 1906 रोजी अमरावतीत जन्मले, ते याच जुन्या प्रांतात. तेव्हा पांढुर्ण्याच्या मराठी वाचकाने त्यांना परमुलखातला लेखक समजण्याचे काही कारण नाही.

बेडेकरांची ओळख आपण दोन कप्प्यांत टाकली आहे. साहित्याचा विद्यार्थी ‘रणांगण’पाशी थांबतो. जुन्या चित्रपटांचा शौकीन ‘रामशास्त्री’च्या श्रेयनामावलीत त्यांचे नाव वाचतो आणि पुढे जातो. माझ्या मते हे दोन्ही बेडेकर आयुष्यभर एकच गोष्ट सांगत होते: सत्ता आणि युद्ध माणसांच्या सर्वांत जवळच्या नात्यात शिरतात तेव्हा काय होते?

त्यांची सुरुवात नाटकातून झाली. मास्टर दीनानाथ मंगेशकरांच्या बलवंत संगीत मंडळीने त्यांचे ‘ब्रह्मकुमारी’ 1933 मध्ये रंगभूमीवर आणले. बोलपटांपुढे नाटक कंपन्या टेकीला आल्या होत्या. बलवंतनेही सांगलीत चित्रपट काढायचे ठरवले आणि 1934 चा ‘कृष्णार्जुन युद्ध’ चिंतामणराव कोल्हटकर व बेडेकर या दोघांनी दिग्दर्शित केला. पुढच्याच वर्षी गडकऱ्यांच्या प्रहसनावरचा ‘ठकीचे लग्न’ आला. म्हणजे कादंबरी लिहिण्याआधीच हा माणूस कॅमेऱ्यामागे उभा राहिलेला होता. 1938 मध्ये चित्रपटकलेच्या अभ्यासासाठी ते इंग्लंडला गेले. त्याच वर्षी त्यांचा विवाह बाळूताई खरे यांच्याशी झाला. ‘विभावरी शिरूरकर’ या टोपणनावाने ‘कळ्यांचे निःश्वास’ लिहून बाळूताईंनी 1933 मध्ये महाराष्ट्रात खळबळ उडवली होती. पुढे त्या मालतीबाई बेडेकर म्हणून ओळखल्या गेल्या. एका घरात असे दोन लेखक असणे हे आपल्या साहित्यातले दुर्मीळ भाग्य आहे.

इंग्लंडहून परतीच्या बोटीवरच्या अनुभवातून ‘रणांगण’ आली, 1939 मध्ये. महायुद्ध तोंडावर आले आहे, हिटलरच्या जर्मनीतून जीव घेऊन निघालेले ज्यू निर्वासित बोटीवर आहेत. चक्रधर हा मराठी तरुण आणि हॅर्टा ही ज्यू तरुणी, थोड्या दिवसांचा सहवास, मग मुंबई. तो उतरतो, तिची बोट पुढे जाते. लढाईचा एकही प्रसंग नाही, तरी कादंबरीचे नाव अगदी खरे आहे. युद्ध इथे डेकवर, जेवणाच्या टेबलाशी, दोघांच्या बोलण्यात लढले जाते. लेखक समजावत बसत नाही, दाखवतो आणि योग्य जागी थांबतो. ही काटकसर मला चित्रपटाच्या टेबलावर शिकलेली वाटते. मराठी कादंबरी त्या काळात जेवढी बोलकी होती, ते पाहता हा संयम विलक्षण म्हणायला हवा. बेडेकरांनी दुसरी कादंबरी लिहिली नाही.

आता ‘रामशास्त्री’ पाहा. व्ही. शांताराम प्रभात फिल्म कंपनी सोडून गेल्यावर 1944 मध्ये आलेला हा चित्रपट. दिग्दर्शक म्हणून गजानन जागीरदार, राजा नेने आणि बेडेकर या तिघांची नावे लागली, पटकथा शिवराम वाशीकरांची. त्यामुळे सगळे श्रेय बेडेकरांना देणे अन्यायाचे होईल. पण विषय त्यांच्याच जातकुळीचा होता. 30 ऑगस्ट 1773 रोजी शनिवारवाड्यात पेशवे असलेल्या पुतण्याचा खून होतो, आणि न्यायाधीश रामशास्त्री सत्तेवर बसलेल्या चुलत्याला तोंडावर दोषी ठरवतो.

1963 चा ‘रुस्तम सोहराब’ हा हिंदी चित्रपट तर या सूत्राचे टोक आहे. पृथ्वीराज कपूर, प्रेमनाथ आणि सुरैया. सुरैयाचा हा शेवटचा चित्रपट, सज्जाद हुसेन यांचे संगीत आजही ऐकले जाते. गाण्यांच्या आठवणीत दिग्दर्शक मात्र विसरला गेला. फिरदौसीच्या ‘शाहनाम्या’तली कथा अशी की दोन सैन्यांसमोर बाप मुलाला ओळखत नाही आणि मारतो. ज्याने ‘रणांगण’ लिहिली, त्याच्या हाती ही कथा यावी हा मला योगायोग वाटत नाही.

केरळमध्ये मात्र लेखक असा दोन कप्प्यांत दुभंगला नाही. एम. टी. वासुदेवन नायर यांची ‘नालुकेट्टु’ 1958 ची. 1973 मध्ये त्यांनी ‘निर्माल्यम्’ दिग्दर्शित केला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. भुकेने मोडलेला देवीचा कोमरम, म्हणजे अंगात येणारा भगत, शेवटी मूर्तीवर रक्त थुंकतो, हे दृश्य त्यांनी आपल्याच कथेतून उभे केले. त्यांच्या पटकथा पुस्तकरूपाने निघाल्या आणि कादंबऱ्यांच्या शेजारी वाचल्या गेल्या. 1995 चे ज्ञानपीठ घेणारा लेखक आणि सिनेमावाला ही तिथे एकच व्यक्ती होती.

बेडेकरांना मान मिळाला, नाही असे नाही. ‘एक झाड आणि दोन पक्षी’ या आत्मचरित्राला 1985 मध्ये साहित्य अकादमी पुरस्कार, पुढच्या वर्षी मुंबईच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद. त्याआधी, 1980 मध्ये, त्यांनी ‘टिळक आणि आगरकर’ हे नाटक लिहिले. डेक्कन कॉलेजातले जिवलग, 1882 मध्ये डोंगरीच्या तुरुंगात 101 दिवस एकत्र काढलेले, आणि मग समाजसुधारणेच्या वादाने इतके दुरावलेले की 1887 मध्ये आगरकरांनी ‘केसरी’ सोडला. चुलता-पुतण्या, बाप-मुलगा, प्रियकर-प्रेयसी यांच्यानंतर आता मित्र. वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षीही बेडेकरांना तोच प्रश्न सोडत नव्हता. 30 ऑक्टोबर 1998 रोजी ते गेले. ‘रणांगण’, ‘रामशास्त्री’, ‘रुस्तम सोहराब’ आणि हे नाटक एका अभ्यासक्रमात एकत्र ठेवावे, ही मागणी अमरावतीच्या आणि पांढुर्ण्याच्या मराठी शिक्षकांनीच आधी करायला हवी.