जंतुनाशके : ओळख आणि वापर

घरात कुणाला उलट्या-जुलाब झाले, की अम्मी फिनेलने फरशी पुसते. नगरपालिकेचे कामगार गटाराच्या कडेने ब्लीचिंग पावडर टाकतात. दवाखान्यात थर्मामीटर स्पिरिटने पुसतात. हे तिन्ही पदार्थ रोगजंतूंना मारतात. अशा पदार्थांना जंतुनाशके म्हणतात. मग सगळीकडे एकच जंतुनाशक का वापरत नाहीत?

ब्लीचिंग पावडरमध्ये क्लोरीन असतो. तो जंतूंचा मोठा शत्रू आहे. १८४७ साली व्हिएन्ना शहरात डॉ. सेमेलवाइस यांनी डॉक्टरांना क्लोरीनच्या पाण्याने हात धुवायला लावले. त्यामुळे बाळंतिणींचे मृत्यू खूप कमी झाले. ही पावडर स्वस्त आहे. पण तिच्यामुळे लोखंड गंजते आणि कपड्यांचा रंग उडतो.

स्पिरिटमध्ये अल्कोहोल असते. ते धातूच्या लहान वस्तूंसाठी चांगले. शुद्ध अल्कोहोलपेक्षा ७० टक्के अल्कोहोल जास्त उपयोगी पडते, कारण त्यातील पाणी जंतूंचा नाश करायला मदत करते. मात्र स्पिरिट लवकर उडून जाते आणि चटकन पेट घेते. म्हणून ते चुलीजवळ नेऊ नये.

फिनेल फरशी, मोरी व संडास यांसाठी ठीक आहे. ते विषारी असते. अन्न आणि भांडी त्यापासून दूर ठेवावीत. सरबताच्या रिकाम्या बाटलीत फिनेल कधीही भरू नये. लहान मूल ते सरबत समजून पिऊ शकते.

जंतुनाशक कोणतेही असो, आधी साबणाने घाण धुवावी. घाणीत क्लोरीनची शक्ती वाया जाते. मग जंतुनाशक लावून लगेच पुसू नये. ब्लीचिंगच्या पाण्याला सुमारे दहा मिनिटे काम करू द्यावे. हे पाणी रोज ताजे करावे.

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट. दोन औषधे एकत्र केली तर दुप्पट सफाई होईल, असे काहींना वाटते. हा समज जीवघेणा आहे. संडास धुण्याचे अ‍ॅसिड ब्लीचिंग पावडरमध्ये मिसळले, तर क्लोरीनचा विषारी वायू बाहेर पडतो. बंद न्हाणीघरात त्याने श्वास कोंडतो. असे झालेच, तर ताबडतोब मोकळ्या हवेत जावे आणि मोठ्या माणसांना सांगावे.

जंतुनाशक वापरण्यापूर्वी बाटलीवरील सूचना वाचा. घरात कुणाला वाचता येत नसेल, तर तुम्ही वाचून दाखवा. तुमच्या शिक्षणाचा तो खरा उपयोग आहे.