‘व्हाइन’ म्हणजे नेमकं काय? किरकिर, तक्रार आणि आपलं नागपूर

आजचा शब्द आहे ‘व्हाइन’. प्यायची वाइन नव्हे बरं का! ‘स्टॉप व्हाइनिंग’ हे तुम्ही रील्समध्ये ऐकलंच असेल. अर्थ काय, तर रडक्या सुरात कुरकुर करत राहणं.

गंमत म्हणजे या शब्दाचा मुळात तक्रारीशी काही संबंधच नव्हता. जुन्या इंग्रजीत ‘ह्वीनान’ असं क्रियापद होतं. बाण हवेतून सूं करत जातो ना, तो आवाज करणं. पुढे ते कण्हण्याला, कुत्र्याच्या कुंईकुंईला लागलं आणि सोळाव्या शतकात रडक्या तक्रारीला. मच्छराच्या बारीक आवाजालाही इंग्रजीत व्हाइनच म्हणतात.

आपल्याकडेही तेच! रातकिडा किरकिरतो, मच्छर भुणभुण करतो आणि माणूस बोलला तरी आपण म्हणतो, “काय किरकिर लावली बे!” हे शब्द फक्त आवाज सांगतात. बोलणाऱ्याचं म्हणणं खरं की खोटं, ते त्यात येतच नाही.

आता ‘तक्रार’ घ्या. मूळ अरबी ‘तकरार’, म्हणजे पुन्हा पुन्हा करणं. फारसीतून तो आपल्याकडे आला. हिंदीत तकरार म्हणजे भांडण, मराठीत तक्रार म्हणजे गाऱ्हाणं. नागपुरात आपण दोन्ही भाषा एका दमात बोलतो, म्हणून हा फरक लक्षात ठेवा. आणि मला मूळ अर्थ पटतो: एकदा सांगून कोणी ऐकलं नाही, की पुन्हा सांगावंच लागतं.

विदर्भाचंच बघा. 1953 च्या नागपूर करारात सरकार दरवर्षी काही काळ इथे येईल असं ठरलं, म्हणून हिवाळी अधिवेशन आणि त्यावरचे मोर्चे. त्याला ‘दरवर्षीचं रडगाणं’ म्हणणारेही भेटतात. पण 1983 मध्ये दांडेकर समिती नेमली गेली. तिने सिंचन, रस्ते अशा गोष्टींचा जिल्हावार हिशेब मांडला आणि 1984 च्या अहवालात कोण किती मागे आहे ते आकड्यांत आलं. ‘अनुशेष’ म्हणतात तो हाच. ज्याला किरकिर म्हटलं जात होतं, त्यात मोजता येण्यासारखं बरंच होतं.

म्हणून कोणी “व्हाइन नको करू” म्हटलं, तर सूर बाजूला ठेवा आणि विचारा: मुद्दा खोटा आहे का?

पुढच्या भागासाठी तुमचा शब्द पाठवा. भेटूच!