मोटारीचा टायमिंग बेल्ट : खुणा, ताण आणि दोन फेऱ्या

मोटारगाडीचे जे भाग मालकाच्या नजरेस कधीच पडत नाहीत, त्यांत टायमिंग बेल्टची गणना अगदी प्रथम करावी लागेल. टायर झिजला की दिसतो, ब्रेक सैल झाले की पायाला कळते, बॅटरी उतरली तर सकाळी किल्ली फिरवताच ती आपली तक्रार सांगते. हा दातेरी पट्टा मात्र झाकणाआड वर्षानुवर्षे निमूटपणे फिरतो, आणि तुटतो तोही बहुधा निमूटपणेच. चालती गाडी एकाएकी बंद पडते. पुन्हा स्टार्टर मारावा तर इंजिन नेहमीपेक्षा हलके आणि भरभर फिरते, पण पेट घेत नाही. हे हलके फिरणे कानांनी ओळखता आले, तर पेट्रोल संपले की प्लग खराब झाला या चर्चेत रस्त्याच्या कडेला तास दोन तास जात नाहीत.

विवेचनाच्या सोयीसाठी आम्ही येथे मारुती ८०० ही गाडी डोळ्यांपुढे ठेवीत आहोत. तिची पहिली गाडी १४ डिसेंबर १९८३ रोजी ग्राहकाच्या हाती पडली आणि २०१४ च्या प्रारंभी तिचे उत्पादन थांबले. या तीस वर्षांत ती आपल्याकडील असंख्य मध्यमवर्गीय घरांतील पहिली मोटार ठरली, आणि तालुक्याच्या गावी आजही ती धावताना दिसते. दुसरे कारण असे की, तिच्यापूर्वी आपल्या मिस्त्रीमंडळींचा हात बसला होता तो अँबॅसडर आणि फियाट, म्हणजे पुढची प्रीमियर पद्मिनी, या गाड्यांवर. त्या दोहोंत बेल्ट नव्हताच, साखळी होती. साखळी सैल झाली की खडखडते, आणि महिनोन् महिने खडखडत राहूनही चालते. बेल्टला ही वाचा नाही. साखळीच्या सवयीने बेल्टकडे पाहणे, हे या बाबतीतील पुष्कळशा अनर्थांचे मूळ आहे असे आम्हांस वाटते.

आता हा पट्टा करतो काय ते पाहू. मारुती ८०० चे इंजिन ७९६ घनसेंटिमीटरचे, तीन सिलिंडरांचे. प्रत्येक सिलिंडरात पिस्टन म्हणजे दट्ट्या वरखाली होतो आणि त्याच्या या हालचालीने खालचा क्रँकशाफ्ट फिरतो. सिलिंडरच्या माथ्यावर झडपा असतात, त्यांनाच आपण व्हॉल्व्ह म्हणतो. एक झडप पेट्रोल आणि हवेचे मिश्रण आत घेते, दुसरी जळका धूर बाहेर सोडते. या झडपा उघडण्यासाठी इंजिनाच्या डोक्यावर कॅमशाफ्ट नावाचा उंचवट्यांचा दांडा बसवलेला असतो. मिश्रण आत घेणे, ते दाबणे, पेटवणे आणि धूर बाहेर टाकणे या चार क्रियांना क्रँकच्या दोन फेऱ्या लागतात. परंतु एवढ्या वेळात प्रत्येक झडप एकदाच उघडावयाची असते. म्हणून क्रँकच्या दोन फेऱ्यांना कॅमची एक फेरी, हे प्रमाण ठरलेले. क्रँकच्या दातेरी पुलीला जितके दात, त्याच्या बरोबर दुप्पट दात कॅमच्या पुलीला दिलेले असतात ते याचसाठी. इंजिन मिनिटाला तीन हजार फेऱ्या घेत असेल, तर प्रत्येक झडप सेकंदाला पंचवीस वेळा उघडते आणि मिटते. खालच्या दांड्याची आणि वरच्या दांड्याची ही ताळबद्धता राखणारा दुवा म्हणजे बोटभर जाडीचाही नसलेला, काचतंतूंच्या दोऱ्यांवर रबर चढवून केलेला हा पट्टा!

दातेरी पट्ट्याची कल्पना मोटारीसाठी निघालेली नव्हे, हे ऐकून पुष्कळांस गंमत वाटेल. १९४० च्या दशकात अमेरिकेत ती प्रथम शिवणयंत्रासाठी उपयोगात आली. शिवणयंत्रातही वरचा दांडा सुई हलवतो, खालचा दांडा खालच्या दोऱ्याचा फासा घेतो, आणि या दोहोंचा मेळ तसूभर चुकला की टाका सुटतो. साधा चपटा पट्टा घसरतो, दात असलेला घसरत नाही. जर्मनीतील ग्लास या छोट्याशा कारखान्याने १९६२ साली बाजारात आणलेल्या १००४ या गाडीत हा पट्टा प्रथम कॅमशाफ्टच्या कामी लावला, आणि १९६६ पासून फियाटसारख्या मोठ्या कारखान्यांनीही तो उचलला. साखळीपेक्षा तो स्वस्त, हलका, आवाज न करणारा, आणि त्याला तेल लागत नाही. शेवटचा गुण तर उलट्या बाजूनेही खरा आहे. तेल लागले तर तो फुगतो आणि नासतो.

बेल्ट बदलण्याच्या कामातील मोठा वेळ बेल्टपर्यंत पोहोचण्यात जातो. इंजिन आडवे बसवलेले असल्यामुळे पुलीची बाजू बॉनेटखाली एका कडेला येते आणि हात घालायला जागा अपुरी पडते. बॅटरीची तार सोडावी, इंजिन पुरते गार झालेले असावे. मग ज्याला सारे फॅनबेल्ट म्हणतात तो काढावा लागतो. या गाडीत तो पंखा मुळीच फिरवत नाही, पंखा विजेवर चालतो. पण नाव चिकटले ते चिकटले! त्यामागून पाण्याच्या पंपाची पुली, क्रँकची बाहेरची पुली, आणि मग झाकण. पुलीचे बोल्ट सोडताना क्रँक फिरू नये म्हणून गाडी वरच्या गियरमध्ये टाकून दुसऱ्या कुणी ब्रेक दाबून धरावा. काम होताच गाडी पुन्हा न्यूट्रलमध्ये आणावी. प्लगही काढून ठेवावेत, म्हणजे पुढे इंजिन हाताने फिरवताना दाबाचा अडथळा होत नाही.

जुना बेल्ट काढण्यापूर्वीच खुणा जुळवून घ्यावयाच्या. कॅमच्या पुलीवर एक खूण असते आणि तिच्या समोर स्थिर भागावर दुसरी. तशीच एक जोडी खाली क्रँकच्या दातेरी पुलीजवळ. येथे दोन ठिकाणी फसगत होते. पहिली अशी की, कित्येक इंजिनांवर ठिणगीची वेळ पाहण्यासाठी आणखीही खुणा कोरलेल्या असतात, आणि घाईत तीच खूण बेल्टची समजली जाते. बेल्टसाठी पाहावयाची ती आतल्या दातेरी पुलीवरची. दुसरी फसगत प्रमाणाची. क्रँकची खूण दर फेरीला जुळते, कॅमची मात्र एक फेरी सोडून. खालची खूण जुळली आणि वरची पाहावी तर भलतीकडेच तोंड करून उभी, असे झाले की काहीजण बेल्ट उतरवून कॅम अर्धा फिरवू लागतात. तसे करण्याचे काहीच कारण नाही. क्रँक आणखी एक फेरी फिरवावा, दोन्ही खुणा आपोआप जाग्यावर येतात. बेल्ट उतरलेला असताना कॅम किंवा क्रँक मनमानी फिरवणे तर कटाक्षाने टाळावे. उघडी झडप आणि वर आलेला दट्ट्या यांची गाठ पडण्याची भीती असते.

जुना बेल्ट निघाला की त्यामागे तेलाचा ओलावा आहे का ते पाहावे. असल्यास कॅमचे आणि क्रँकचे ऑइल सील त्याच वेळी बदलावेत. ताण देणारी जी फिरती पुली असते, जिला मिस्त्री टेन्शनर म्हणतात, ती बोटाने फिरवून कानाजवळ आवाज घ्यावा. खरखर आली तर नवीन बेल्टला जुन्या पुलीची संगत लावून देण्यात शहाणपण नाही. नवीन बेल्ट मुडपू नये, उलटा करू नये, आणि तो चढत नाही म्हणून स्क्रूड्रायव्हरने रेटू तर मुळीच नये. आतले काचतंतू एकदा मोडले की बाहेरून त्याचा मागमूस राहत नाही.

यापुढचा भाग पंधरा मिनिटांचा आहे, आणि साऱ्या कामाचे मर्म तेथेच आहे. पुलीच्या बाजूने तोंड करून उभे राहिले असता हे इंजिन घड्याळाच्या काट्याप्रमाणे फिरते. म्हणजे उजव्या हाताकडची बेल्टची बाजू खाली ओढली जाते. ती ताठ बाजू. डाव्या हाताकडची सैल बाजू, आणि टेन्शनर असतो तो सैल बाजूला. बेल्ट चढवताना ताठ बाजूला किंचितही ढिलाई राहू देऊ नये; जी काही ढिलाई असेल ती सगळी टेन्शनरकडे आली पाहिजे. हे न पाहता बेल्ट नुसता चढवला, तर खुणा त्या क्षणी तंतोतंत जुळलेल्या दिसतात, देखणे काम झाले असे वाटते, आणि इंजिन पहिल्यांदा ओढ घेताच ताठ बाजूची ढिलाई निघून जाऊन कॅम एक दात मागे पडलेला असतो.

यावरचा उपाय सोपा आहे, फक्त तो चुकवू नये. टेन्शनरचा बोल्ट सैल ठेवून त्याच्या स्प्रिंगला आपला ताण घेऊ द्यावा. मग क्रँकच्या बोल्टला पाना लावून इंजिन चालत्या दिशेने दोन पूर्ण फेऱ्या हाताने फिरवावे, सावकाश. स्टार्टर लावू नये. हाताला कोठे टणक अडथळा जाणवला तर जोर न करता थांबावे, कारण तो दट्ट्या झडपेला टेकल्याचा निरोप असू शकतो. दोन फेऱ्यांत ढिलाई सैल बाजूला जमा होते, स्प्रिंग ती खाऊन टाकते, आणि मगच टेन्शनर आवळावा. आवळल्यावर पुन्हा दोन्ही खुणा पाहाव्यात. जुळल्या नाहीत तर बेल्ट काढून आरंभापासून. यात मधला मार्ग नाही. ताण अंदाजाने वाढवण्याचा मोहही आवरला पाहिजे. फार ताणलेला बेल्ट कण्हत चालतो आणि बेअरिंग खातो.

येथे एक शंका हटकून निघते. काही मिस्त्री जुन्या बेल्टवर रंगाचे ठिपके देऊन ते नव्यावर उतरवून घेतात. पद्धत वाईट नाही. परंतु दोन फेऱ्यांनंतर पुलीच्या खुणा जुळतात आणि बेल्टवरचे ठिपके मात्र कोठच्या कोठे गेलेले असतात, तेव्हा मालक धास्तावतो. समजा, क्रँकच्या पुलीला २० दात आहेत, कॅमच्या ४० आणि बेल्टला १००. क्रँकच्या दोन फेऱ्यांत बेल्टचे ४० दात सरकले. ठिपके पुन्हा मूळ जागी यायला १०० ने आणि ४० ने भागता येईल इतके, म्हणजे २०० दात सरकावे लागतील. क्रँकच्या दहा फेऱ्या झाल्या! ठिपके बेल्ट चढवण्यापुरते. त्यानंतर प्रमाण मानावयाचे ते पुलीवरच्या खुणांना.

एक दात म्हणजे कितीसा फरक, असेही विचारले जाते. वरचाच हिशेब पुढे नेला तर कॅमच्या ४० दातांत ३६० अंश, म्हणजे एका दाताला ९. आणि क्रँकच्या बाजूने मोजल्यास १८ अंश. इंजिन सुरू होते, चालतेही; पण चढावर दम खाते, पेट्रोल अधिक पिते, मंद चालीवर थरथरते. याहून वाईट म्हणजे कार्बुरेटरच्या जुन्या मारुतीत ठिणगी वाटणारा डिस्ट्रिब्यूटर कॅमशाफ्टच्याच टोकावरून फिरतो. कॅम मागे पडला की ठिणगीही त्याच्याबरोबर मागे पडते. मग कुणीतरी डिस्ट्रिब्यूटर पिळून ठिणगी जाग्यावर आणतो, गाडी थोडी सुधारते, आणि झडपांची चूक तशीच आत झाकली जाते. पुढे कार्बुरेटर तीनदा उघडला जातो, प्लग बदलले जातात, मालकाचा खिसा हलका होतो. डिस्ट्रिब्यूटर त्याच्या खाचेत अगदी टोकापर्यंत सरकवावा लागत असेल, तर आधी बेल्टचे झाकण उघडून खुणा पाहाव्यात.

बेल्ट तुटल्यावर नुकसान किती होते हे इंजिनाच्या घडणीवर असते. काही इंजिनांत झडप पुरी उघडी असतानाही दट्ट्या तिला शिवत नाही; तेथे नवा बेल्ट घालून गाडी चालू लागते. काहींत दोघांची जागा एकच असते, आणि तेथे झडपा वाकतात, हेड उतरवावे लागते, खर्च बेल्टच्या किमतीच्या अनेक पटींनी जातो. तथापि खंबाटकीच्या किंवा आंबोलीच्या घाटात, मागे ट्रक आणि गाडीत म्हातारी माणसे असताना इंजिन एकाएकी बंद पडणे, हे झडपा शाबूत राहिल्या तरी लहानसहान संकट नव्हे.

बदलण्याची मुदत गाडीच्या माहितीपुस्तकात किलोमीटरमध्ये दिलेली असते आणि लोक तेवढीच पाहतात. रबर मात्र वयानेही म्हातारे होते. वर्षाला तीन हजार किलोमीटर चाललेल्या, घरच्या सावलीत उभ्या राहिलेल्या गाडीचा बारा वर्षांचा बेल्ट मीटरवरून तरुण वाटतो, आणि दातांच्या मुळाशी चिरा पडलेल्या असतात. जुनी गाडी विकत घेणाऱ्यांना तर आम्ही आग्रहाने सांगू की, “बेल्ट आत्ताच बदललाय, साहेब” हे वाक्य पावतीवाचून ऐकले, तर बेल्ट बदललेला नाही असेच धरून चालावे.

राहता राहिला मजुरीचा प्रश्न. बेल्ट काहीशे रुपयांचा आणि मजुरी त्याहून अधिक का, म्हणून घासाघीस करणारे ग्राहक आम्ही पाहिले आहेत. मिस्त्रीने घाई करावी असे ज्याला वाटते, त्याने मजुरी पाडावी; तो पहिली काट मारील ती त्या दोन फेऱ्यांवर. त्यापेक्षा झाकण लावण्यापूर्वी आपल्याला बोलवायला सांगावे आणि पाना लावून फिरवलेल्या दोन फेऱ्या व जुळलेल्या दोन्ही खुणा स्वतः पाहाव्यात. मग झाकण बसले की त्यावरच तेलरंगाने तारीख आणि मीटरचा आकडा लिहून घ्यावा. कागदाची पावती हरवते, झाकण गाडीबरोबर राहते.