सिकलसेल : आजार ओळखा, माणसावर शिक्का मारू नका

विदर्भातल्या आपल्या वस्त्यांना सिकलसेल हा शब्द नवा नाही. कुणाच्या घरी मूल हातपाय दुखतात म्हणून रात्रभर रडते, कुणाचे डोळे सतत पिवळे दिसतात, कुणाला पुन्हा पुन्हा रक्त चढवावे लागते. आजाराची थोडीफार माहिती बऱ्याच घरांत पोचली आहे. परंतु हा आजार असलेल्या माणसाबद्दल आपण कसे बोलतो, शिबिराच्या बॅनरवर त्याला कसे दाखवतो, सोयरिकीच्या बोलण्यात त्याचा उल्लेख कसा करतो, याचा विचार फारसा होत नाही. हाही आरोग्याचाच प्रश्न आहे, कारण शिक्का बसेल या भीतीने लोक तपासणीच टाळतात.

आधी आजार समजून घेऊ. निरोगी माणसाच्या तांबड्या पेशी गोल व लवचीक असतात आणि सुमारे १२० दिवस जगतात. सिकलसेलमध्ये त्या विळ्यासारख्या वाकतात, कडक होतात आणि १० ते २० दिवसांत नष्ट होतात. म्हणून रक्त कमी पडते. वाकलेल्या पेशी बारीक रक्तवाहिन्यांत अडकल्या की असह्य कळा येतात. हा आजार आईवडिलांकडून येतो. तो स्पर्शाने, एका ताटात जेवल्याने किंवा एकत्र राहिल्याने होत नाही.

दोघांकडूनही दोष आला तर मूल रुग्ण असते. त्याला ‘एसएस’ म्हणतात. एकाकडूनच आला तर ते वाहक, म्हणजे ‘एएस’. वाहकाला सहसा कोणताही त्रास नसतो आणि औषधाचीही गरज नसते. वाहक म्हणजे रुग्ण नव्हे, हे वाक्य प्रत्येक विहारात, प्रत्येक शाळेत सांगितले गेले पाहिजे.

शिक्क्याचा इतिहास

१९१० साली शिकागोचे डॉक्टर जेम्स हेरिक यांनी या पेशींचे पहिले वर्णन प्रसिद्ध केले. त्यांचा रुग्ण ग्रेनाडा बेटावरून आलेला दंतवैद्यकाचा कृष्णवर्णीय विद्यार्थी होता. पुढे कित्येक वर्षे अमेरिकेत हा आजार ‘काळ्यांच्या रक्ताचा’ मानला गेला. एखाद्या गोऱ्या माणसात तो सापडला, तर डॉक्टर त्याच्या पूर्वजांबद्दलच शंका घेत. प्रत्यक्षात तो ग्रीस, सिसिली, तुर्कस्तान, अरबस्तान आणि भारतातही आहे. कारण वंशात नाही, मलेरियात आहे. वाहकाला मलेरियाच्या गंभीर आजारापासून काही प्रमाणात संरक्षण मिळते, हे अँथनी ॲलिसन यांनी १९५४ साली दाखवले. जिथे पिढ्यान् पिढ्या मलेरिया होता, तिथे हा गुण टिकला. यात कुणाच्या रक्ताच्या ‘शुद्ध-अशुद्ध’पणाचा काही संबंध नाही.

अमेरिकेतली पुढची गोष्ट आपण लक्षात ठेवावी अशी आहे. सरकारने या आजाराकडे दुर्लक्ष केले म्हणून ब्लॅक पँथर पक्षाने १९७१ च्या सुमारास वस्त्यांमध्ये मोफत तपासणी सुरू केली. १९७२ मध्ये, म्हणजे मुंबईत दलित पँथर स्थापन झाली त्याच वर्षी, तिथे सिकलसेल नियंत्रणाचा कायदा झाला. पण काही राज्यांनी कृष्णवर्णीयांवर तपासणीची सक्ती केली आणि वाहक व रुग्ण यांतला फरक नीट सांगितलाच नाही. परिणामी धडधाकट वाहकांना नोकरी आणि विमा नाकारला गेला. अमेरिकी हवाई दलाच्या अकादमीचे दार वाहकांना १९८१ पर्यंत बंद होते. तपासणी चांगलीच होती. घात केला तो अर्धवट माहितीने आणि समाजावर मारलेल्या शिक्क्याने.

आपल्याकडे काय होते?

भारतात हा आजार १९५२ साली निलगिरीच्या आदिवासींमध्ये प्रथम नोंदला गेला. त्याच दशकात नागपूर भागात महार समाजातही तो आढळला. नंतर इतर अनेक जातींत सापडला. तरीही ‘हा त्यांच्यातला आजार’ असे बोलणे थांबलेले नाही.

इथे एक खरा पेच आहे. समाजाचे नाव घेतले की लोक बोट दाखवतात. नाव घेतलेच नाही तर त्या समाजाच्या वाट्याला ना तपासणी केंद्र येते, ना औषध, ना निधी. १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातील शहडोल येथून सुरू झालेल्या राष्ट्रीय अभियानाचा भर आदिवासीबहुल भागांवर आहे. ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी हे त्याचे लक्ष्य आहे. ते आवश्यकच आहे. पण ‘हा फक्त आदिवासींचा आजार’ असा समज पसरला, तर नागपूर-चंद्रपूरच्या बौद्ध वस्तीतला रुग्ण विसरला जाईल आणि आदिवासी बांधवांवरचा शिक्का आणखी घट्ट होईल. म्हणून आकडेवारीत समाजाची नोंद हवी, हक्काने हवी. बोलण्यात, बॅनरवर आणि बातमीत मात्र आजाराला जात जोडू नये.

‘निर्मूलन’ हा शब्दही जपून वापरावा. २०४७ पर्यंत निर्मूलन, असे घोषवाक्य वाचणारा आज जिवंत असलेला रुग्ण काय समजेल? संपवायचा आहे तो आजाराचा भार. रुग्णाला तर जगवायचे आहे.

शिबिर भरवणाऱ्यांनी हे पाळावे

- निकाल माइकवरून वाचू नये, यादी भिंतीवर लावू नये, व्हॉट्सॲप गटावर तर मुळीच टाकू नये. निकाल ज्याचा त्याला, समजावून सांगून द्यावा.
- रक्त चढवताना किंवा कळांनी विव्हळताना रुग्णाचा फोटो काढू नये. इतर फोटोसाठीही, तो कुठे छापणार हे सांगून परवानगी घ्यावी. ‘नाही’ म्हटले तर उपचारात फरक पडणार नाही, हेही सांगावे.
- व्यासपीठावर फक्त पाहुणे नकोत. रुग्णाची इच्छा असेल तर त्याला बोलू द्यावे. दया यावी म्हणून नव्हे, तर त्याचा अनुभव उपयोगी आहे म्हणून.
- ‘सिकलसेलवाली’, ‘बिचारा’, ‘खराब रक्त’ हे शब्द टाळावेत.
- कळांनी तळमळणाऱ्याला ‘नाटक करतो’ म्हणू नये. जखम दिसत नाही, वेदना खरी असते.

सोयरिकीचा प्रश्न

सर्वांत मोठा अन्याय इथे होतो. तपासणी मुलीची मागतात, मुलाची नाही. मुलगी वाहक निघाली की स्थळ मोडते आणि गावभर चर्चा होते. हिशेब साधा आहे. दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात मूल रुग्ण होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५० टक्के आणि पूर्ण निरोगी असण्याची २५ टक्के असते. दोघांपैकी एकच वाहक असेल आणि दुसरा पूर्ण निरोगी, तर मूल रुग्ण होत नाही. म्हणून तपासणी दोघांचीही व्हावी, आणि दोघेही वाहक असल्यास समुपदेशन घ्यावे. गरोदरपणात लवकर तपासणीचीही सोय असते. लग्न करावे की नाही, हा निर्णय त्या दोघांचा.

रुग्णांनी लक्षात ठेवावे

भरपूर पाणी प्यावे, थंडी व अतिश्रम टाळावेत, फॉलिक ॲसिड व हायड्रॉक्सीयुरिया डॉक्टरांच्या सल्ल्याने नियमित घ्यावे. जोराचा ताप, छातीत दुखणे, धाप, अचानक हातपाय लुळे पडणे, लहान मुलाचे पोट डाव्या बाजूला फुगून अंग पांढरे पडणे, यांपैकी काहीही झाले तर तासही न दवडता दवाखाना गाठावा. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सिकलसेलचा समावेश आहे. रुग्णांनी प्रमाणपत्रासाठी जिल्हा रुग्णालयात चौकशी करावी. ती मेहेरबानी नाही, हक्क आहे.

यंदा १९ जूनला, जागतिक सिकलसेल दिनी, आपल्या विहारात शिबिर भरवणार असाल तर बॅनर छापण्यापूर्वी तो वस्तीतल्या एखाद्या रुग्णाला दाखवा. त्याला खटकलेला शब्द काढून टाका आणि मगच छापा.