बँकेची ताबा नोटीस आली? दाद तालुक्याच्या कोर्टात नाही, नागपुरात. हातात दिवस फक्त ४५

नवेगाव बांध : घराच्या दारावर बँकेने ताबा नोटीस चिकटवली, की पाय आधी अर्जुनी मोरगावच्या कोर्टाकडे वळणे स्वाभाविक आहे. पण २००२ च्या सरफेसी कायद्याच्या कलम ३४ नुसार दिवाणी न्यायालय अशा कारवाईला स्थगिती देऊ शकत नाही. दाद मागायची ती नागपूरच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजेच डीआरटीत. कलम १७ खालची ही मुदत ४५ दिवसांची आहे.

हप्ता ९० दिवसांहून जास्त थकला की खाते एनपीए होते. त्यानंतर बँक ६० दिवसांची मागणी नोटीस पाठवते. बरेच काही वाचवता येते ते याच ६० दिवसांत. रकमेचा हिशेब चुकला असेल, भरलेले हप्ते धरले नसतील, तर लेखी आक्षेप द्यायचा. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावेच लागते. शाखेत जाऊन साहेबांशी बोलून आलो, याला पुढे पुरावा म्हणून किंमत नाही. अर्जाची पोच हवी.

पुढचा टप्पा ताब्याचा. बँक आधी सांकेतिक ताबा घेते आणि त्याची सूचना दोन वर्तमानपत्रांत छापते, त्यातले एक स्थानिक भाषेतले. पेपरात रोज दिसणाऱ्या ‘ताबा सूचना’ जाहिराती त्याच. घराला कुलूप लागलेले नसते, म्हणून कर्जदार निर्धास्त राहतो. मात्र सांकेतिक ताब्यालाही डीआरटीत आव्हान देता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये हिंडन फोर्ज प्रकरणात स्पष्ट केले. म्हणजे घड्याळ तेव्हाच सुरू झालेले असते. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे जाते. कर्ज खरे की खोटे, हा वाद ते सोडवत नाहीत.

डीआरटीत जाण्यासाठी आधी पैसे भरावे लागत नाहीत. पूर्वी ७५ टक्के रकमेची अट होती. ती सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये मार्डिया केमिकल्स निकालात रद्द केली. स्थगिती देताना न्यायाधिकरण काही रक्कम भरायला सांगू शकते, हे मात्र गृहीत धरावे. तिथे हरल्यावर अपिलासाठी ५० टक्के भरावे लागतात. सवलत मिळाली तरी २५ टक्क्यांच्या खाली नाही.

उशीर किती महाग पडतो, हे बाफना मोटर्सच्या प्रकरणात दिसले. नवी मुंबईतील तारण जागेचा लिलाव १०५ कोटींना झाला. त्यानंतर कर्जदाराने १२९ कोटी द्यायची तयारी दाखवली आणि मुंबई उच्च न्यायालयाने ती मान्य केली. सर्वोच्च न्यायालयाने २१ सप्टेंबर २०२३ रोजी तो आदेश रद्द केला. लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की पैसे भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क संपतो, असा तो निकाल. रक्कम जास्त होती, तरी उपयोग झाला नाही.

धानपट्ट्यासाठी एक मुद्दा महत्त्वाचा. शेतजमिनीवर सरफेसीची कारवाई होत नाही. पण फक्त सातबाऱ्यावरच्या नोंदीवर विसंबून चालत नाही, जमिनीचा प्रत्यक्ष वापरही पाहिला जातो. घर, दुकान किंवा अकृषक जागेवरची राइस मिल यांना हे संरक्षण नाही. सहकारी बँकाही या कायद्याखाली येतात. मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेच्या प्रकरणात २०२० मध्ये घटनापीठाने तसा निकाल दिला. पतसंस्थेचे कर्ज असेल तर रस्ता वेगळा. तिथे सहकार कायद्याच्या कलम १०१ खालचा वसुली दाखला येतो आणि त्याविरुद्ध पुनरीक्षणासाठी निम्मी रक्कम भरावी लागते.

वकिलाचा खर्च झेपत नसेल, तर विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींच्या कर्जदारांना उत्पन्नाची अट नाही आणि ही मदत न्यायाधिकरणातील प्रकरणांनाही लागू आहे. अर्जासोबत मागणी नोटीस, ताबा नोटीस आणि कर्जखात्याचा उतारा जोडावा. नोटीस हाती पडल्याची तारीख पाकिटावरच लिहून ठेवावी; ४५ दिवस मोजताना ती लागते.